पाठीला पाठ

बदलापुरात सकाळी दहानंतर जी माणसं रस्त्यावर दिसतात, त्यांना कसलीच घाई नसते. औषधाच्या दुकानाच्या पायरीवर बसलेले आजोबा, नातवाची शाळेची रिक्षा यायच्या अर्धा तास आधीच फाटकाशी येऊन थांबलेल्या आजी, वॉचमन, कुरिअरवाला, आणि गॅलरीत लंगोट वाळत घालता घालता खाली कोण काय बोलतंय ते ऐकत रेंगाळणारी एखादी नवी आई. पहाटे चारपासून स्टेशनकडे लागलेली रीघ साडेनऊपर्यंत ओसरलेली असते. कमावती माणसं गेलेली असतात, आणि ती परत येईपर्यंत गावात काही घडत नाही असं त्या कमावत्या माणसांना मनापासून वाटत असतं. मलाही वाटायचं. फोर्टातल्या ऑफिसात होते तोवर बदलापूर मी अंधारातच पाहिलं, जातानाच्या आणि येतानाच्या. उन्हातलं पाहिलं ते रविवारी, आणि रविवारचं गाव ते खरं गाव नव्हे.

मग नोकरी सोडली. निवृत्तीचं वय झालं नव्हतं, गुडघ्यांचं झालं होतं. पहिले काही दिवस झोप काढण्यात गेले. त्यानंतर एका सकाळी अकराच्या सुमाराला सोसायटीच्या गच्चीवर पापड घालायला गेले आणि चहूबाजूंनी नुसत्या इमारती दिसल्या. एकातही हालचाल नाही. कितीतरी फ्लॅटना पडदेसुद्धा नाहीत, कारण ते कुणीतरी गुंतवणूक म्हणून घेऊन ठेवलेले. दक्षिणेला चंदेरीचा सुळका, त्याच्या पलीकडे माथेरानची रांग, आणि खालून एक मालगाडी खडखडत कर्जतकडे चाललेली. त्या घटकेला मला आपण फार लांब राहतो असं पहिल्यांदा वाटलं. रोज दीड तास जाताना आणि दीड तास येताना कधी वाटलं नव्हतं, ते घरी बसल्यावर वाटलं.

सीमेवरचं गाव म्हटलं की मराठी माणसाला बेळगाव-निपाणी आठवते, फार तर राजस्थानातली वाळू आणि तारेचं कुंपण. मुंबईची सीमा कुठे असं विचारलं तर महापालिकेच्या हिशोबाने ती मुलुंडला संपते. पण ज्याच्या जिवावर मुंबई चालते त्या माणसाच्या हिशोबाने ती कधी ठाण्यापाशी होती, मग डोंबिवलीपाशी गेली, मग कल्याणच्या पलीकडे सरकली. 1982च्या संपानंतर गिरणगावातली खोली विकून किंवा सोडून जे निघाले, त्यांच्यातले बरेच याच रुळांच्या कडेने पुढे पुढे येत राहिले. त्यांची मुलं आणखी पुढे आली. सीएसएमटीपासून बदलापूर 68 किलोमीटर. 2001च्या जनगणनेत गाव लाखाच्या आत होतं, 2011ला पावणेदोन लाखांच्या घरात गेलं, आणि आता किती आहे ते संध्याकाळी सातच्या गाडीतून उतरताना जिन्यावर कळतं.

या गाडीविषयी इतकं लिहून झालंय की मी आवरतं घेते. पण एक गोष्ट बाहेरच्यांना माहीत नसते. अंबरनाथच्या आणि उल्हासनगरच्या बायका सकाळी उलट्या दिशेने बदलापूरला येतात, बसल्या जागी बसून राहतात आणि तीच गाडी परत फिरली की मुंबईला जातात. ‘डाऊन करून येणं’ म्हणतात त्याला. बदलापूरच्या बाईने पहाटे उठून, डबा भरून, धावत फलाट गाठावा, आणि गाडी लागते न लागते तोच आत पाहावं तर खिडक्या गेलेल्या. मग जी भांडणं होतात ती ऐकवत नाहीत. ‘तुमचं गाव तिकडे, तुम्ही इकडे कशाला?’ हे वाक्य मी स्वतः उच्चारलेलं आहे, आणि ज्या बाईला उद्देशून उच्चारलं ती पुढे कितीतरी वर्षं माझ्या पाठीला पाठ लावून उभी राहायची. घाटकोपर आलं की न बोलता मला चौथी सीट द्यायची. तिचं घर अंबरनाथला नेमकं कुठे हे मी कधी विचारलं नाही. तिनेही नाही.

बदलापूर, अंबरनाथ, उल्हासनगर. गाडीने एकेकातलं अंतर पाच-सात मिनिटांचं. मधे ना डोंगर ना खाडी, हल्ली तर मोकळं रानही उरलेलं नाही, एका गावाची शेवटची इमारत आणि दुसऱ्याची पहिली यांत एखादा कारखाना असला तर असतो. तरी बदलापूरच्या माणसाला दादरची गल्ली न् गल्ली पाठ असते आणि उल्हासनगरात कॅम्प चार कुठे संपतो न् पाच कुठे लागतो ते सांगता येत नाही. ही तीन गावं एकमेकांकडे पाठ करून बसलेली आहेत. बदलापूरचं तोंड सीएसएमटीकडे, अंबरनाथचं बराच काळ कारखान्याच्या फाटकाकडे, आणि उल्हासनगरचं कुठे, ते कळायला मला समोरच्या दारात आँटी राहायला याव्या लागल्या.

त्या आल्या दोनेक वर्षांपूर्वी, कॅम्प चारमधून. मे 2021मध्ये उल्हासनगरात पंधरा दिवसांच्या आत दोन इमारतींचे स्लॅब कोसळले, माणसं गेली, आणि त्यानंतर तिथल्या जुन्या इमारतींत राहणाऱ्या अनेकांची रात्रीची झोप उडाली. आँटींच्या मुलानेही वर बघत झोपायला नको म्हणून इकडे फ्लॅट घेतला. त्याचं दुकान तिकडेच. तो सकाळी मोटारसायकलने उलट्या दिशेला जातो. सून त्याच्याबरोबर दुकानात, नातू पुण्याला शिकायला. त्यामुळे आमच्या मजल्यावर दिवसभर दोन उघडी दारं असतात, त्यांचं आणि माझं.

आँटी सिंधमधल्या शिकारपूरच्या. फाळणीत निघाल्या तेव्हा पाच-सहा वर्षांच्या होत्या. आठवतं ते कराचीचं बंदर, बोटीवरचा उलटीचा वास, आणि आईने फ्रॉकच्या आत शिवून दिलेली एक पिशवी, जिला हात लावायचा नाही असं बजावलं होतं. मुंबईला उतरल्यावर त्यांना कल्याणजवळच्या लष्करी छावणीत आणलं. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांसाठी बांधलेल्या त्या बराकी, लांबच्या लांब, मधे भिंती नाहीत. गोणपाट टांगून एकेका कुटुंबाची हद्द ठरवली. लाखाच्या आसपास माणसं त्या पाच छावण्यांत कोंबलेली, भोवती माळ, विंचू आणि पाऊस. सिंधमधल्या माणसाने एवढा पाऊस कधी पाहिलेला नव्हता. आँटी सांगतात, त्यांची आजी पहिल्या पावसाळ्यात आठवडाभर खाटेवरून खाली उतरली नाही, हे पाणी थांबणारच नाही अशी तिची खात्री झाली होती.

8 ऑगस्ट 1949 रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांनी या छावणीचं उल्हासनगर केलं. नाव नदीवरून. छावणी मात्र गेली नाही. आजही पत्ता सांगताना कॅम्प नंबर, सेक्शन, बराक नंबर, खोली नंबर असाच सांगतात. बराक पाडून तिथे चार मजले चढलेले असले तरी पोस्टमनला बराकच लागते. आमच्या इमारतीला ‘ग्रीन’ आणि ‘व्हॅली’ अशी दोन नावं आहेत, त्यांतलं एकही इथे शिल्लक नाही, त्यापेक्षा तो पत्ता मला जास्त प्रामाणिक वाटतो.

एकदा मी पडद्यांचं कापड घ्यायला त्यांच्या मुलाच्या ओळखीने तिकडे गेले होते. गजानन मार्केटात माणसाला माणूस चिकटलेला. दुकानदार सत्तरीचा, गप्पिष्ट. मी सहज विचारलं, तुम्ही माल आणायला मुंबईला किती वेळा जाता? त्याने गजावरून मान वर केली. ‘बंबई? बंबई इधर आती है, ताई.’ आणि ते खरंच होतं. दुकानात बसलेल्या गिऱ्हाइकांत एक घाटकोपरची, एक पनवेलची. फर्निचर, पापड, लोणची, कापड, जीन्स, मोबाइलची कव्हरं, जे मुंबईत मिळतं ते इथे बनतं, आणि जे इथे बनतं त्यावर कुठलाही शिक्का बसतो. ‘मेड इन यूएसए’मधलं यूएसए म्हणजे उल्हासनगर सिंधी असोसिएशन, हा विनोद सगळ्या मुंबईने त्यांच्यावर करून घेतलाय. पण ज्यांना एका रात्रीत गाव सोडून परक्या माळावर बसवलं, त्यांनी कुणाच्याही दारात नोकरी मागायला न जाता लागेल ते घरात बनवायला घेतलं, यात हसण्यासारखं मला काही सापडत नाही. या साऱ्या पट्ट्यात मुंबईच्या गाडीवर ज्याचं पोट नाही असं गाव हे एकच. आणि तरी सगळ्यांत तुटलेलं तेच.

कारण त्याची सीमा इथे नाहीच. ती हजारेक किलोमीटर दूर, मुनाबाव आणि खोखरापार या दोन स्टेशनांच्या मधे आहे. फाळणीत सिंधमधून रेल्वेने आलेले कितीतरी त्या वाटेने आले. 1965च्या युद्धात ती वाट बंद झाली, 2006 साली थार एक्स्प्रेसच्या रूपाने पुन्हा उघडली आणि ऑगस्ट 2019मध्ये परत बंद पडली. उल्हासनगरच्या गल्ल्यांतून त्या गाडीच्या बातम्या अशा ऐकल्या जायच्या, जशा आम्ही मेगाब्लॉकच्या ऐकतो. अजूनही तिथे दीर्घ मुदतीच्या व्हिसावर राहणारी सिंधी कुटुंबं आहेत, नागरिकत्वाच्या कागदाची वाट पाहणारी. पाकिस्तानी पासपोर्टवर आलेल्याच्या व्हिसावर कुठल्या गावी जाता येईल त्याची नावं लिहिलेली असतात आणि पोलिसांकडे नोंद करावी लागते. मी बदलापूरहून दादरला जाताना पास काढते आणि त्याला त्रास म्हणते.

आँटींकडे त्यांच्या वडिलांची एक वही आहे. हिशोब, काही भजनं, आणि बहुतेक पत्रांचे मसुदे. ‘बहुतेक’ अशासाठी की ती सिंधीत, पण अरबी वळणाच्या लिपीत लिहिलेली आहे. आँटी चार अक्षरं लावत लावत वाचतात, मुलाला ओळखीचे दोन शब्द दिसतात, नातवाला ती नक्षी वाटते. सिंधी 1967 साली राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत आली, पण ती अरबीत लिहायची की देवनागरीत यावर मोठमोठ्यांचे वाद होत राहिले, आणि मधल्या काळात पोरं इंग्रजी शाळांत गेली. मी त्यांना म्हटलं, कुणाकडून तरी वाचून घेऊ. त्या म्हणाल्या, ‘क्या लिखा होगा, उधार ही लिखा होगा.’ आणि वही परत टॉवेलात गुंडाळली.

अंबरनाथवर मला इतकं बोलता येत नाही. माझी तिथली ओळख गाडीतून दिसणाऱ्या भागापुरती आणि महाशिवरात्रीच्या रांगेपुरती. आमच्या सासऱ्यांचे एक मित्र आयुध निर्माणीत होते. त्यांच्या क्वार्टरवर जायचं तर फाटकावर नाव-गाव लिहून द्यावं लागे, आणि आत गेल्यावर जे लागे ते वेगळंच जग: रुंद रस्ते, गुलमोहर, एका मापाची घरं, दारात जास्वंद. भोंगा झाला की जेवायचं, भोंगा झाला की उठायचं. त्या काकांना मुंबईचं अप्रूप नव्हतं, बदलापूरचंही नव्हतं. फाटकाच्या आत शाळा, दवाखाना, सोसायटीचं दुकान, गणपती. पलीकडे विम्कोचा आगपेट्यांचा कारखाना होता, त्याचं नाव आता नाक्यापुरतं उरलंय. 1 ऑक्टोबर 2021 रोजी आयुध निर्माणी मंडळ मोडून त्याच्या सात सरकारी कंपन्या केल्या तेव्हा काका हयात नव्हते. असते तर त्यांनी नव्या कंपनीचं नाव एकदाही उच्चारलं नसतं, फॅक्टरीच म्हणाले असते.

आणि मंदिर. शके 982, म्हणजे इसवी सन 1060. शिलाहारांनी बांधलेलं, शिखर पुरं झालं नाही की पडलं यावर जाणकार बोलोत, पण आत गाभाऱ्यात उतरायला पायऱ्या आहेत आणि खाली पिंडीपाशी उभं राहून वर पाहिलं तर उघडं आकाश. मुंबईच्या एवढ्या जवळ साडेनऊशे वर्षांचं असं काही उभं आहे आणि माझ्या ऑफिसातल्या निम्म्या जणींना अंबरनाथ म्हणजे बर्फाची पिंड एवढंच माहीत होतं. मंदिराला लागून वालधुनी वाहते. पुढे उल्हासनगरात पोचेपर्यंत ती काय काय घेऊन जाते ते विचारू नये. जीन्सच्या रंगाईचे कारखाने जोरात होते तेव्हा तिचा रंग सांगून त्या दिवशी कुठला माल निघाला ते ओळखता येई म्हणतात. या तीन गावांतल्या दोघांना तरी जोडणारं काही असेल तर ही नदी, आणि तिच्याकडे दोघांनीही पाठ केलेली.

पाण्याचं आमचंही काही वेगळं नाही. बारवी धरण बदलापूरपासून हाकेच्या अंतरावर, ते पाणी एमआयडीसीच्या नळांतून पार मिरा-भाईंदरपर्यंत जातं. उल्हास नदी तर गावातून वाहते. पण एप्रिल उजाडला की आमच्या फाटकाशी टँकर उभा. टँकरच्या पाइपाभोवती जमणाऱ्या माणसांत मी इमारतीतली निम्मी माणसं पहिल्यांदा पाहिली.

उरलेली निम्मी पाहिली 2020 साली. 22 मार्चच्या रात्री लोकल थांबली. असं गाव कधी बंद पडलेलं नव्हतं, आणि इतकं भरलेलंही नव्हतं. एरवी रात्री दहाला घरात शिरणारे पुरुष भर दुपारी गच्चीवर. ज्यांना मी फलाटावरच्या पाठीवरून ओळखायचे त्यांचे चेहरे समोर. दुसऱ्या मजल्यावरचे गृहस्थ उत्तम पेटी वाजवतात हे त्यांच्या बायकोखेरीज कुणाला ठाऊक नव्हतं, आणि बायकोलाही विसर पडला होता. त्याच दिवसांत पहिल्या मजल्यावरची नर्स मात्र पहाटे एसटीने मुंबईला जायची आणि परतल्यावर जिन्यात तिला पाहून दारं लागायची. पापभीरू, सज्जन लोकांची दारं. ती काही बोलली नाही. नंतर तिने घर विकलं. सामान्य माणसाला गाडीत शिरायला फेब्रुवारी 2021 उजाडावा लागला, तोही ठरावीक वेळेत, मधे पुन्हा बंद. गाडी पूर्ववत झाली आणि पेटी थांबली.

तुटण्याची सवय तशी आहे. 26 जुलै 2005ला उल्हास गावात शिरली, पलीकडे रूळ वाहून गेले. 27 जुलै 2019ला महालक्ष्मी एक्स्प्रेस आमच्या आणि वांगणीच्या मधे चामटोलीपाशी पाण्यात अडकली. हजारावर माणसं, सगळीकडे पाणी, नौदल आलं, हेलिकॉप्टर आली, रबरी बोटी आल्या. आसपासच्या गावांतले लोकही धावले. दूरदर्शनवर सगळा देश ते दृश्य पाहत होता आणि निवेदक सांगत होता, मुंबईजवळ बदलापूर येथे. आमच्याकडे नातेवाइकांचे फोन. एरवी ज्यांना आम्ही ‘एवढ्या लांब’ असतो, त्यांना आम्ही त्या दिवशी मुंबईजवळ होतो.

‘एवढ्या लांब’ याचा अर्थ लग्नात कळतो. दादरला रिसेप्शन असलं की आम्ही आइसक्रीमच्या आधी उठतो. शिवाजी मंदिरला रात्रीचं नाटक पाहायचं तर शेवटच्या प्रवेशात डोळे रंगमंचावर आणि हात घड्याळावर. कितीतरी नाटकांत शेवटी कोण सुधारतं ते मला माहीत नाही. मयताला तर विचारून ठेवतात, बदलापूरचे कधीपर्यंत पोचतील? आणि उलट बाजूने आमच्याकडे कुणी यायचं म्हटलं की रविवार, तोही मेगाब्लॉक नसलेला. सासूबाई शेवटच्या दुखण्यात होत्या तेव्हा रात्री एकला रुग्णवाहिका मिळवणं, कल्याणला खाट नाही म्हणून ठाणं, ठाण्यात नाही म्हणून आणखी पुढे, हे सगळं झालं. तेव्हा रस्त्यावरचा एकेक किलोमीटर मी अंगावर मोजला आहे.

म्हणून 20 ऑगस्ट 2024ला माझ्या गावातली माणसं नगरपालिकेवर न जाता रुळांवर का बसली, हे मला कुणी समजावून सांगायला नको होतं. गावातल्या शाळेत दोन चिमुरड्या मुलींवर अत्याचार झाला, तक्रार नोंदवून घ्यायला पोलिसांनी उशीर लावला. सकाळी शाळेच्या फाटकावर जमलेला जमाव स्टेशनवर आला आणि संध्याकाळपर्यंत गाडी हलली नाही. दगड पडले, लाठ्या पडल्या. त्यातलं सगळं मला पटलं असं नाही. पण गर्दीत ज्या बाया होत्या त्यांना मी ओळखत होते: दुपारी फाटकाशी रिक्षाची वाट बघणाऱ्या त्याच. ज्यांच्या नुसत्या असण्यावर हे गाव दिवसा चालतं, त्या बायका पहिल्यांदाच फलाटावर आल्या होत्या, आणि गाडी पकडायला आल्या नव्हत्या. मुंबईला आमच्याकडे पाहायला लावायचा दुसरा रस्ता आम्हाला ठाऊक नाही.

आता तिसरा-चौथा रूळ होतोय, अंबरनाथ आणि बदलापूरच्या मधे चिखलोली स्टेशन होतंय, मेट्रोच्या आराखड्यात गावाचं नाव आलंय, डोंगराखालून बोगदा पनवेलच्या बाजूला निघालाय. स्टेशनबाहेर वांगणी-शेलूच्या घरांची पत्रकं वाटतात. पत्रक वाटणारा पोरगा परवा मला म्हणाला, काकू, बदलापूर आता आवाक्यात नाही राहिलं. म्हणजे सीमा पुन्हा सरकली. आम्ही आता मधले.

बाजारात मात्र अजून कातकरणी आणि ठाकरणी बसतात. त्यांचं येणं पाऊस ठरवतो, वेळापत्रक नाही. मृगाच्या तोंडावर शेवळं, सोबत खाज मारायला काकडं, मग कुर्डू, टाकळा, भारंगी. जूनमध्ये पळसाच्या पानावर बदलापूरची टपोरी जांभळं. त्यांच्या दृष्टीने हे गाव कशाच्याही कडेला नाही, त्यांच्या पाड्यावरून निघालं की पहिलं लागणारं शहर आहे. यंदा मी आँटींना घेऊन गेले. शेवळाकडे पाहून त्यांनी तोंड वाकडं केलं, हे काय साप आहेत का म्हणाल्या. मी निवडून, काकडं घालून भाजी करून दिली. दुसऱ्या दिवशी वाटी परत आली ती कोकी घालून, कांदा-मिरचीची, खमंग. भाजी कशी झाली होती ते सांगितलं नाही. सिंध्यांत तसं नसेल, पण आँटींत आहे.

श्रावणाच्या आधी त्यांचं चालिहो लागतं, चाळीस दिवसांचं व्रत. कॅम्प पाचमध्ये चालिया साहेबांचं मंदिर आहे, तिथे जायचं म्हणून त्या गेले काही दिवस माझ्या मागे लागल्या आहेत. मुलाला सवड नाही, रिक्षा पाठीला सोसत नाही. गाडीने जाऊ म्हटलं तर घाबरतात. इतकी वर्षं स्टेशनच्या गावात राहून लोकलमध्ये त्या फारशा बसलेल्याच नाहीत, लागलीच नाही. ‘भीड़ में दब जाऊँगी,’ म्हणतात. मी सांगितलं, दुपारी दीडच्या पुढे निघायचं, वरची गाडी तेव्हा रिकामी असते, खिडकी मिळेल, दोन स्टेशनांचा तर प्रश्न. त्यांनी विचार केला. मग म्हणाल्या, मंगळवारी नको. मंगळवारी दुपारी पाणी येतं, टाकी भरायला घरात कुणीतरी हवं.